पैसा कुणाचा, प्रेक्षक कुठले : सुमित्रा भावे यांच्या कारकिर्दीचं प्रकरण

गर्दीचा रस्ता. कडेला गाडी उभी आहे आणि आत एक म्हातारे गृहस्थ बसलेत. संस्कृतचे गाढे पंडित. लेक थोड्या वेळासाठी म्हणून उतरून गेलीय. तेवढ्यात रस्त्यावर हत्ती दिसतो. शास्त्रीबुवांच्या चेहऱ्यावर पाच वर्षांच्या पोराचं हसू येतं, आणि ते उतरून हत्तीमागे चालायला लागतात. लेक परत येते तेव्हा गाडी रिकामी.

‘अस्तु’मधला हा प्रसंग. चक्रपाणी शास्त्र्यांना अल्झायमर, म्हणजे विसरण्याचा आजार आहे. भूमिका डॉ. मोहन आगाशे यांची, मुलगी इरावती हर्षे. पुढे हत्तीवाल्याची बायको, कानडी बोलणारी चन्नम्मा (अमृता सुभाष), या अनोळखी म्हाताऱ्याला आपल्या लेकरासारखं सांभाळते. तो तिला आई म्हणतो. तिला त्यात काही विचित्र वाटत नाही. अशा आजारासाठीचा डिमेन्शिया हा शब्दही तिला ठाऊक नाही, आणि शास्त्रीबुवांना काय हवंय हे सगळ्यात आधी तिलाच कळतं.

हा सिनेमा २०१३ चा. त्या वर्षीचे दोन राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाले, सहायक अभिनेत्रीचा अमृता सुभाषला आणि संवादांचा दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांना. महाराष्ट्रातल्या थिएटरात तो लागला १५ जुलै २०१६ रोजी. मधली जवळजवळ तीन वर्षं मला या लेखात नीट पाहायची आहेत. १९८५ पासून २०२१ पर्यंत, पुण्यात राहून, डझनाहून अधिक पूर्ण लांबीचे सिनेमे करणाऱ्या बाईंना सिनेमा बनवायला पैसे मिळत गेले. तो दाखवायला मात्र दर वेळी नव्याने दारं ठोठवावी लागली. हे दोन प्रश्न वेगळे आहेत. आपल्याकडे ‘स्वतंत्र सिनेमा’वर बोलताना दोन्हींची खिचडी होते.

अहवाल वाचणार कोण?

सुमित्रा भावे सिनेमाकडे सिनेमाच्या ओढीने आल्या नाहीत. जन्म १९४३ चा, पुण्यातला. राज्यशास्त्र आणि समाजशास्त्र शिकल्या, मुंबईच्या टाटा इन्स्टिट्यूटमध्ये ग्रामीण कल्याणाचा अभ्यासक्रम केला, पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत काही वर्षं शिकवलं. मधे दिल्लीला आकाशवाणीवर मराठी बातम्याही वाचल्या. चाळिशीपर्यंत कुठे कॅमेऱ्याचा संबंध नाही.

ऐंशीच्या दशकात त्या झोपडपट्टीतल्या बायकांच्या मुलाखती घेत होत्या. त्यातून पुढे १९८८ मध्ये आठ दलित स्त्रियांच्या आत्मकथनांचं इंग्रजी पुस्तक निघालं, ‘पॅन ऑन फायर’. अडचण अशी होती, की ज्या बायकांनी तासन्‌तास बसून आपलं आयुष्य सांगितलं, त्यांतल्या बऱ्याचजणींना वाचता येत नव्हतं. अहवाल लिहिला तरी त्या वाचणार कशा? म्हणजे गोष्ट ज्यांची, त्यांच्याच हाती ती परत पोचणार नाही. मग ती पडद्यावर दाखवावी असं ठरलं. ‘बाई’ हा लघुपट १९८५ चा, पुण्याच्या ईशवाणी केंद्राच्या ‘स्त्रीवाणी’ प्रकल्पासाठी केलेला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पाठोपाठ १९८७ मध्ये ‘पाणी’.

इथे जरा थांबतो, कारण पुढच्या ३६ वर्षांतलं बरंचसं या एका अडचणीतून निघालेलं आहे. पहिली गोष्ट, प्रेक्षक आधी ठरला आणि माध्यम मागून आलं. आपल्याकडे बहुतेकांचं उलटं होतं. आधी सिनेमा करायचा असतो, मग विषय, शेवटी प्रेक्षक. दुसरी गोष्ट ऐकण्याची सवय. मुलाखत घेणाऱ्याला प्रश्न विचारून गप्प बसता यावं लागतं. समोरची बाई चुलीवरचं भांडं उतरवत, पोराच्या पाठीत धपाटा घालत, मधेच रडत मधेच हसत बोलते, आणि मुद्द्याचं वाक्य नेहमी भलत्याच ठिकाणी येतं. भावे यांच्या पटकथांमध्ये माणसं हातातलं काम करता करता जी महत्त्वाची गोष्ट बोलून जातात, ती मला या मुलाखतींची देणगी वाटते.

तिसरी गोष्ट पैशाची. ‘बाई’ला पैसा लावणाऱ्यांना तिकीटविक्री नको होती. सिनेमा त्या वस्तीत चालला पाहिजे, एवढंच त्यांना हवं होतं.

सुनील सुकथनकर ‘बाई’च्या वेळी मदतनीस म्हणून आला. तेव्हा तो कॉलेजातला मुलगा. पुढे त्याने फिल्म इन्स्टिट्यूटमधून दिग्दर्शनाचं शिक्षण घेतलं, आणि दोघांची जोडी शेवटपर्यंत टिकली. वयात वीसेक वर्षांचं अंतर. लेखन, कलादिग्दर्शन, वेशभूषा बहुतांशी भावे यांच्याकडे, गाणी सुकथनकरांची, दिग्दर्शन दोघांचं. या लेखात मी ‘भावे’ लिहितो तिथे पुष्कळदा ‘भावे-सुकथनकर’ असंच वाचावं. पुण्याच्या सिनेमावर्तुळात हे नाव इतकं जोडून घेतलं जातं की नवख्याला ते एकच आडनाव वाटावं.

ज्याचं दुखणं, तो निर्माता

पहिला पूर्ण लांबीचा सिनेमा ‘दोघी’, १९९५. पैसा सरकारी, म्हणजे एनएफडीसी (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) आणि दूरदर्शनचा. दुष्काळी गाव, दोन बहिणी (रेणुका दफ्तरदार आणि सोनाली कुलकर्णी). थोरलीच्या लग्नाच्या दिवशीच नवरदेव अपघातात जातो, गाव तिला पांढऱ्या पायाची ठरवतं, ती मुंबईला जाते आणि देहविक्रीत सापडते. तिच्या पैशावर घर चालतं, पण ती घरी आलेली कुणाला नको असते. सामाजिक विषयावरच्या सिनेमाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

त्या काळात समांतर सिनेमा करणाऱ्या बहुतेकांचा आधार हाच होता, सरकारी महामंडळ आणि सरकारी टीव्ही. पुढे हा झरा आटत गेला, आणि कितीतरी चांगले दिग्दर्शक एखाददोन सिनेमांनंतर गप्प झाले किंवा मालिकांकडे वळले. भावे थांबल्या नाहीत. याचं श्रेय नुसतं जिद्दीला दिलं जातं ते मला पुरेसं वाटत नाही. जिद्द थांबलेल्यांकडेही होती. फरक असा, की भावे यांना पैसा देणारा दुसरा माणूस ‘बाई’पासूनच माहीत होता.

‘देवराई’ (२००४) घ्या. स्किझोफ्रेनिया हा मनाचा आजार झालेला शेष, कोकणातल्या देवराईत गुंतलेलं त्याचं मन, आणि त्याला आपल्या घरी घेऊन येणारी बहीण सीना. अतुल कुलकर्णी आणि सोनाली कुलकर्णी. निर्मितीमागे धुळ्याचा के. एस. वाणी स्मृती ट्रस्ट आणि पुण्याची स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन, आणि दोन्हींमागे डॉ. जगन्नाथ वाणी. धुळ्याकडचे वाणी कॅनडात कॅलगरी विद्यापीठात प्राध्यापक होते. त्यांच्या पत्नीला हा आजार होता. घरात ते दुखणं वर्षानुवर्षं पाहिलेला माणूस पैसा लावतोय म्हटल्यावर ‘हिरोला वेड लागलंय तर एखादा हाणामारीचा सीन टाका’ असं तो म्हणणार नाही, हे उघड आहे. त्याला एकच हवं असतं. जे दाखवाल ते खरं दाखवा.

‘नितळ’चंही (२००६) तसंच. अंगावर कोड असलेली मुलगी, तिच्यावर प्रेम करणारा डॉक्टर, त्याचं सुशिक्षित, प्रतिष्ठित घर. निर्मितीमागे पुण्याच्या डॉ. माया तुळपुळे यांची श्वेता असोसिएशन, म्हणजे कोड असलेल्यांचीच संस्था. एचआयव्हीवर ‘जिंदगी जिंदाबाद’, अवयवदानावर ‘फिर जिंदगी’, दोन्ही हिंदी. ‘एक कप च्या’मध्ये कोकणातल्या एसटी कंडक्टरच्या घरी विजेचं अवाढव्य बिल येतं आणि तो माहितीच्या अधिकाराचा अर्ज लिहायला शिकतो.

या यादीवरून कुणीही म्हणेल की हे प्रचारपट झाले. आजार आला, संस्था आली, डॉक्टर आला, शेवटी प्रबोधन. ही टीका भावे यांच्यावर आयुष्यभर झाली, आणि ती सगळीच चुकीची नव्हती. ‘देवराई’त काही ठिकाणी पात्रं बोलायची थांबतात आणि माहितीपत्रक बोलायला लागतं. पात्रांना आपल्या मनातलं इतक्या शुद्ध, नेमक्या मराठीत कसं मांडता येतं, असंही काही सिनेमांत वाटतं. पैसा देणाऱ्याला विषय कळतो, तेव्हा विषय नीट समजावून सांगायचा मोह दोन्ही बाजूंना होतो. या पद्धतीची ही किंमत आहे.

पण ‘देवराई’ परत पाहा. तिथे आजार शेषला आहे आणि गोष्ट सीनाची आहे. तिचा नवरा, तिचं मूल, स्वैपाकघर, आणि हॉलमध्ये बसलेला भाऊ, ज्याच्यावर जीव आहे आणि ज्याची भीतीही वाटते. भावाला ठेवावं तर घर विस्कटतं, पाठवावं तर स्वतःला तोंड दाखवता येत नाही. हा पेच कुठल्या माहितीपत्रकात मावत नाही. ‘नितळ’मध्येही खरी परीक्षा कोड असलेल्या मुलीपेक्षा तिला पाहायला बसलेल्या घराची होते. आणि ‘अस्तु’त शास्त्रीबुवांना आपण हरवलोय हेच माहीत नाही, हरवल्याचं सगळं दुःख मुलीच्या वाट्याला येतं. दर वेळी कॅमेरा दुखणाइताच्या शेजारी बसलेल्या माणसावर. संस्था आजार घेऊन यायची, आणि भावे तो घेऊन घरात शिरायच्या. तिथे दोन माणसांमधली गोष्ट सुरू व्हायची.

एक गंमत. ‘देवराई’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो पर्यावरण संवर्धनावरच्या सिनेमाचा. जंगल दिसलं, जंगलाचा पुरस्कार दिला. मनाचा रकाना बहुधा फॉर्मवर नसावा.

जुलै २०१६

आता ‘अस्तु’च्या त्या तीन वर्षांकडे.

सिनेमा तयार होता, पुरस्कार होते, महोत्सवांत कौतुक झालं होतं. वितरक मिळेना. का मिळेना हे समजायला वितरकाच्या जागी बसून पाहावं. मल्टिप्लेक्सला पहिल्या तीन दिवसांत गर्दी हवी, शुक्रवार ते रविवार. सोमवारी आकडे पडले की शो निघाले. म्हणजे सिनेमा लागण्याआधीच लोकांना तो माहीत असायला हवा, आणि त्यासाठी टीव्हीवरची जाहिरात, होर्डिंग, तारे-तारकांचे दौरे. निर्मितीला लागतो तेवढा किंवा त्याहून जास्त पैसा याला लागू शकतो. छोट्या सिनेमाच्या बाबतीत तर नक्कीच. ‘अस्तु’सारखा सिनेमा पाहिलेला माणूस घरी जाऊन बहिणीला फोन करतो, ती पुढच्या शनिवारी वेळ काढते, आणि तोवर सिनेमा उतरलेला असतो.

शेवटी प्रदर्शनाच्या खर्चासाठी लोकांकडूनच पैसे गोळा केले गेले. आज त्याला क्राउडफंडिंग म्हणतात. आपल्याकडे वर्गणी म्हणतात, आणि गणपतीपासून वाचनालयापर्यंत सगळं तिच्यावरच चालतं. डॉ. आगाशे यात पुढे होते. मानसोपचारतज्ज्ञ, बी. जे. मेडिकलचे जुने प्राध्यापक, फिल्म इन्स्टिट्यूटचे माजी संचालक, आणि सिनेमात मुख्य भूमिका. एकाच माणसात डॉक्टर, नट आणि निर्माता असा योग रोज येत नाही.

तारीख मिळाली १५ जुलै. त्याच महिन्यात, नऊ दिवस आधी, ६ जुलैला सलमान खानचा ‘सुलतान’ लागला होता. आठवड्याने, २२ तारखेला, रजनीकांतचा ‘कबाली’ येणार होता. त्याआधी एप्रिलअखेरीला आलेल्या ‘सैराट’ने मराठी प्रेक्षक थिएटरात येतो की नाही हा वाद कायमचा मिटवला होता. मराठी सिनेमाला मल्टिप्लेक्समध्ये चांगल्या वेळेचे शो द्यावेत हा सरकारी आदेशही वर्षभरापूर्वीचाच. म्हणजे प्रेक्षक होता, नियम होता. तरीही विसरण्याच्या आजारावरचा एक शांत सिनेमा त्या दोन पहाडांच्या मधल्या खिंडीत किती दिवस उभा राहणार?

माझ्या मते चूक तारखेत नव्हती. थिएटरातला शुक्रवार हा या सिनेमाचा रस्ताच नव्हता, आणि खरा रस्ता याच लोकांना १९८५ पासून ठाऊक होता. ‘बाई’ वस्तीत दाखवायला केलेला सिनेमा. प्रेक्षक जिथे आहे तिथे सिनेमा न्यायचा, हे भावे यांचं पहिलं पाऊल. ‘अस्तु’च्या बाबतीतही जे टिकलं ते हेच. डॉ. आगाशे तो घेऊन हिंडले, सिनेमा संपला की दिवे लावून लोकांशी बोलत बसले.

आमच्या गावातही असा एक खेळ झाला. आम्ही आठ-दहा जण एक छोटी फिल्म सोसायटी चालवतो, वाचनालयाच्या वरच्या हॉलमध्ये. प्रोजेक्टर आमचा, पडदा उसना, खुर्च्या मंगल कार्यालयाच्या. ‘अस्तु’ला साठेक माणसं आली, आम्हाला हे खूप. संपल्यावर नेहमीचे दोघं-तिघं बोलले, कॅमेरा वगैरे. खुर्च्या उचलायच्या वेळी एक बाई थांबल्या. शाळेत शिक्षिका आहेत. म्हणाल्या, “सर, आमचे दादा रात्री उठून दार उघडतात आणि स्टँडवर जाऊन बसतात. म्हणून मी कडी वर बसवून घेतली. त्यांचा हात पोचणार नाही इतकी वर. परवा मध्यरात्री जाग आली तर ते दाराशी उभे, टाचा उंचावून. माझं चुकलं का हो?”

मी काय उत्तर देणार. आमच्यात एक जण फिजिओथेरपिस्ट आहे, तिने त्यांना शहरातल्या एका डॉक्टरांचा नंबर दिला. पण त्या रात्री खुर्च्या टेम्पोत चढवताना आम्ही कॅमेऱ्याविषयी बोललो नाही. सिनेमात मुलगी वडिलांना गाडीत ठेवून जाते, त्यातला अपराध या बाईंच्या दाराच्या कडीत बसलेला होता. थिएटरच्या अंधारातून सरळ पार्किंगमध्ये उतरल्यावर हा प्रश्न विचारायला माणूस कुठून मिळाला असता?

एका वितरकाने आमच्या सोसायटीला दुसऱ्या एका मराठी सिनेमासाठी एवढं भाडं सांगितलं होतं की त्यात आमचं वर्ष निघालं असतं. नाव घेत नाही. त्याचंही बरोबर असेल. छोट्या गटांना द्यायचा दरच त्याच्याकडे नव्हता, कारण असले गट त्याच्या हिशेबात कुठे बसतच नव्हते.

कासवीची नजर

‘कासव’ (२०१६) हा याच गटाचा पुढचा सिनेमा. डॉ. आगाशे पुन्हा निर्मितीत. एप्रिल २०१७ मध्ये ६४ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सुवर्णकमळ मिळालं. ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’, ‘कोर्ट’ आणि ‘कासव’, हा मान मिळालेला पाचवा मराठी सिनेमा. भावे तेव्हा ७४ वर्षांच्या होत्या.

जानकी (इरावती हर्षे) स्वतः नैराश्यातून सावरते आहे. कोकणात समुद्री कासवांच्या संवर्धनाचं काम चाललंय तिथे ती निघालीय. वाटेत तिला एक आजारी, भरकटलेला तरुण भेटतो (आलोक राजवाडे), ज्याने जीव द्यायचा प्रयत्न केलेला आहे. ती त्याला घरी आणते. आणि काही विचारत नाही. नाव नाही, गाव नाही, का केलंस नाही. जेवण ठेवते. दार लोटलेलं असलं तर लोटलेलंच ठेवते. तो चिडतो, ताट सरकवतो, ती वाट पाहते.

आपल्याला कासव म्हटलं की गीतेतलं कासव आठवतं, अवयव आत ओढून घेणारं. नैराश्यासाठी ते चपखल आहे, आणि सिनेमाही ते वापरतो. मला मात्र संतांची कासवी जास्त जवळची वाटते. कासवी पिल्लांना पाजत नाही, कुशीत घेत नाही. ती दुरून नुसती पाहते आणि त्या नजरेवर पिल्लं वाढतात, असा तो जुना समज. जानकी नेमकं तेच करते. तीस वर्षांपूर्वी मुलाखती घेणाऱ्या, प्रश्न विचारून गप्प बसणाऱ्या बाईंनी इथे प्रश्नही काढून टाकला. नुसतं बसणं ठेवलं. ‘देवराई’तलं माहितीपत्रक इथे जवळजवळ गळून गेलंय. (जवळजवळच. दोन-तीन संवाद अजूनही माझ्या कात्रीतून सुटले नसते.)

सुवर्णकमळानंतर तरी वाट सोपी झाली का? ‘कासव’ ६ ऑक्टोबर २०१७ ला थिएटरात लागला, म्हणजे पुरस्कार जाहीर झाल्यावर सहा महिन्यांनी. ‘कोर्ट’शी तुलना करण्यासारखी आहे. चैतन्य ताम्हाणेचा तो सिनेमा २०१४ मध्ये व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवातून दोन पुरस्कार घेऊन आला, आणि इथे प्रदर्शित होईपर्यंत त्याच्याभोवती जगभरचं कुतूहल जमलं होतं. त्याला निर्माताही मिळाला तो विवेक गोम्बर, जो त्यात वकिलाची भूमिका करत होता. तो रस्ता परदेशी महोत्सवातून घरी येतो. भावे यांचा रस्ता घरातून निघून शेजारच्या घरी जातो. एक दुसऱ्यापेक्षा पवित्र आहे असं मी म्हणत नाही. पण तरुण मुलं आज सल्ला विचारतात तेव्हा त्यांना फक्त पहिलाच सांगितला जातो. स्क्रिप्ट लॅब, परदेशी फंड, युरोपातला महोत्सव, मग ओटीटी. धुळ्याच्या ट्रस्टचं किंवा कोड असलेल्यांच्या संस्थेचं दार कुणी दाखवत नाही.

ते दार दाखवताना हेही सांगावं लागेल की तिथून मोठं बजेट येत नाही. मग मोजक्या दिवसांत शूटिंग, ओळखीच्या जागा, दिग्दर्शिकेनेच पात्रांच्या साड्या आणि घरातली भांडी ठरवणं. आणि तेच ते नट. उत्तरा बावकर, दफ्तरदार भगिनी, किशोर कदम, आगाशे, अमृता सुभाष, एका सिनेमातून दुसऱ्यात येत-जात राहिले. काटकसर म्हणून पाहिलं तर काटकसर. पण त्यामुळे नट एकमेकांसमोर इतके सैल बसलेले असतात, की दोन बहिणी भांडताना खरंच एका घरात वाढल्यासारख्या वाटतात.

दिठी

शेवटचा सिनेमा ‘दिठी’. दि. बा. मोकाशी यांच्या कथेवरचा. या वेळी आजार नाही, मागे संस्था नाही. रामजी लोहार (किशोर कदम), तीस वर्षांचा वारकरी, तरणाताठा मुलगा पुरात गेलाय. विठ्ठलाशी त्याचं बोलणं तुटलंय. गावात पोथी वाचणारी मंडळी जमलीत, बाहेर पाऊस धो धो. आणि शेजारी एक गाय अडलीय. अडलेली जनावरं सोडवण्यात रामजीचा हात धरणारा गावात कुणी नाही, म्हणून त्यालाच बोलावणं येतं.

गोठ्यातला तो प्रसंग सिनेमा घाई न करता दाखवतो. कंदिलाचा उजेड, गाईचा श्वास, ओल्या अंगाचा माणूस चाचपत काम करतोय. दोन दिवसांपूर्वीपर्यंत जगाकडे पाठ केलेल्या माणसाच्या हातांना एवढंच कळतंय की आत काहीतरी जिवंत आहे आणि त्याला बाहेर यायचंय. देव, दुःख, अद्वैत, सगळं काही मंडळी पोथीतून समजावून घेत असतात. रामजीला ते हाताला लागतं.

‘दिठी’ २०१९ मध्ये तयार झाला. थिएटरचा प्रश्न या वेळी कुणाला सोडवावाच लागला नाही, कारण थिएटरंच बंद पडली. १९ एप्रिल २०२१ ला सुमित्रा भावे पुण्यात गेल्या. कोरोनाची दुसरी लाट शिगेला होती. महिनाभराने, २१ मेला, ‘दिठी’ सोनी लिव्हवर आला. स्क्रीन किती, शो किती वाजता, कबाली कधी, यातलं काही नाही. ज्याने त्याने आपल्या घरात पाहिला. त्या दिवसांत कितीतरी घरांतून माणूस गेलेला होता.

आमची सोसायटी तेव्हा बंदच होती. जूनमध्ये कधीतरी त्या शाळेतल्या बाईंचा मेसेज आला. त्यांचे दादा मार्चमध्ये गेले होते. लिहिलं होतं, “काल रात्री दिठी पाहिला, मोबाइलवर, एकटीनेच. गाईच्या सीनला थोडा वेळ थांबवून ठेवला. मग उठून दाराची कडी खाली घेतली. इतके दिवस वरच होती.”